भागीदारांतील वाद आणि कायद्याची दारे

तालुक्याच्या पेठेत दोन परिचित गृहस्थ मिळून आडतीचे दुकान काढतात. भांडवल एकाचे, मेहनत दुसऱ्याची. भागीदारीपत्र होत नाही; झालेच तर पेटीत पडून राहते. पाच-सात वर्षांनी कीर्द-खतावणी एकाच्याच घरी जाते आणि दुसरा सरपंचांकडे किंवा गुरुजींकडे सल्ल्यासाठी येतो. त्याला कोणती दारे उघडी आहेत?

भारतीय भागीदारी अधिनियम, 1932 हा या विषयाचा मूळ कायदा होय. संस्थेच्या वह्या पाहण्याचा व त्यांची नक्कल घेण्याचा हक्क कलम 12 प्रत्येक भागीदारास देते. वेगळा करार नसेल तर नफा-तोटा समसमान, असे कलम 13 सांगते. 'भांडवल माझे, म्हणून नफाही माझाच अधिक' हा पेठेतील नेहमीचा युक्तिवाद करार सिद्ध झाल्याखेरीज टिकत नाही. संस्थेच्या नावावर कोणी खाजगी लाभ मिळविला असेल, तर त्याचा हिशेब देऊन तो संस्थेत भरावा लागतो.

अडचण येते ती हे हक्क बजावताना. नोंदणी न करणे हा गुन्हा नव्हे. परंतु कलम 69 नुसार संस्था निबंधकाकडे नोंदलेली नसेल किंवा नोंदवहीत वादीचे नाव भागीदार म्हणून नसेल, तर त्याला सहभागीदारांविरुद्ध करारातील किंवा या कायद्यातील हक्कासाठी दावा लावता येत नाही. दावा दाखल केल्यानंतर धावपळीने केलेली नोंदणी त्या दाव्यास तारत नाही; नव्याने, मुदतीत, दावा लावावा लागतो.

मूळ कायद्याने एक वाट मोकळी ठेवली होती. बिननोंदणीच्या संस्थेतील भागीदारासही संस्थेचे विसर्जन आणि विसर्जित संस्थेचा हिशेब मागता येत असे. महाराष्ट्रात 1 जानेवारी 1985 पासून अंमलात आलेल्या दुरुस्तीने, किरकोळ अपवाद वगळता, हीही वाट बंद केली. नोंदणीस चालना मिळावी हा हेतू असेल. पण वह्या व गल्ला ज्याच्या हाती, त्याचेच फावले. अखेर 2009 साली सर्वोच्च न्यायालयाने राज्यघटनेच्या अनुच्छेद 14, 19(1)(छ) आणि 300-अ यांच्याशी विसंगत म्हणून ते पोटकलम रद्द ठरविले. एक दार पुन्हा उघडले. तथापि, संस्था चालू ठेवून केवळ नफ्याचा वाटा मागणाऱ्यास नोंदणीची अट आजही आड येते.

भागीदारी इच्छाधीन असेल, तर सर्व भागीदारांना लेखी नोटीस देऊन ती विसर्जित करता येते. अन्यथा कलम 44 खाली न्यायालयाकडे जावे लागते. कराराचा वारंवार भंग, धंद्यास बाधक गैरवर्तन, सततचा तोटा ही त्याची काही कारणे. न्यायालय प्राथमिक हुकूमनाम्याने हिस्से व विसर्जनाचा दिवस ठरवून हिशेब घेण्याचा आदेश देते. दरम्यान माल विकला जाण्याची भीती असल्यास मनाई हुकूम किंवा प्रापकाची नेमणूक मागावी. हिशेबात आधी बाहेरच्यांची देणी, मग भागीदारांनी दिलेली उचल, नंतर भांडवल आणि उरल्यास नफा, असा क्रम आहे.

विसर्जित संस्थेच्या हिशेबाच्या दाव्याची मुदत विसर्जनापासून तीन वर्षे आहे. 'दिवाळीनंतर बसू' या आश्वासनांत ती सहज निघून जाते. भागीदारीपत्रात लवादाचे कलम असेल आणि प्रतिवादीने वेळीच ते दाखविले, तर 1996 च्या लवाद कायद्याप्रमाणे न्यायालय वाद लवादाकडे पाठविते.

गावात बसून तडजोड झाली तर उत्तमच. पंचांचा शब्द हुकूमनामा नव्हे, म्हणून ती योग्य मुद्रांकावर लिहून घ्यावी. नोंदणीकृत संस्था असल्यास निबंधकास कळवावे आणि राजपत्रात व स्थानिक भाषेतील एका वृत्तपत्रात जाहीर सूचना द्यावी. ती दिली नाही, तर जुन्या भागीदाराने संस्थेच्या नावावर उचललेल्या मालाचे पैसे व्यापारी दोघांकडेही मागू शकतो.