आपापल्या धंद्यातील कर्तव्य

शब्बाथ शाळेचा पाठ. शास्त्रभाग: लूक 3:10–14

यार्देनेच्या तीरी आलेल्या लोकांनी आपण काय करावे असे योहानास विचारले. हा प्रश्न तीन वेळा विचारला गेला व तिन्ही वेळा उत्तर निराळे मिळाले, ही गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. ज्याच्यापाशी अधिक आहे त्याने नसणाऱ्यास द्यावे, हे सर्वांस सांगितले. जकातदारांस ठरल्यापेक्षा अधिक घेण्याची मनाई केली. शिपायांस जुलूम व खोटा आरोप न करण्याविषयी बजावून आपल्या पगारात तृप्त राहण्यास सांगितले. धंदा सोडा असे त्याने कोणासही म्हटले नाही. ज्या धंद्यात जो मोह, त्यावरच त्याने बोट ठेवले.

आपल्या देशातील निरनिराळ्या धंद्यांचे नियमही याच धोरणाने बांधलेले दिसतात. रोग्याचे गुपित डॉक्टरास कळते. म्हणून ते राखावे, आणि रोगी पाठविल्याबद्दल कोणाकडून दलाली घेऊ नये, असा 2002 च्या वैद्यकीय आचारनियमांचा निर्बंध आहे. शिक्षकाच्या हाती मूल असते. म्हणून 2009 च्या शिक्षणहक्क कायद्याने मुलास मारणे व शिक्षकाने खाजगी शिकवणी घेणे या दोहोंस बंदी केली. व्यापाऱ्याच्या हाती काटा असतो. म्हणून त्याच वर्षीच्या वैधमापन कायद्यान्वये तो काटा ठराविक मुदतीने तपासून त्यावर सरकारी मुद्रा करून घेणे भाग आहे. मानवत किंवा सेलूच्या बाजारात कापूस नेणारा शेतकरी आपल्या वर्षभराच्या कष्टांची भिस्त मापाड्याच्या सचोटीवर ठेवीत असतो. सारांश, जेथे एकाचे हित दुसऱ्याच्या मुठीत जाते, तेथे नियम पाहिजे.

शिपायांच्या हाती तर माणसाचा देह असतो. सबब सर्वोच्च न्यायालयाने 1996 साली डी. के. बसू यांच्या खटल्यात अटकेसंबंधी अकरा आज्ञा घालून दिल्या. अटकेची लेखी नोंद साक्षीदाराच्या सहीने व्हावी, नातलगांस कळवावे, व कोठडीतील माणसाची दर 48 तासांनी डॉक्टरांकडून तपासणी व्हावी, या त्यांपैकी होत. आपल्या परभणी शहरी 10 डिसेंबर 2024 रोजी संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. पुढील अशांततेत अटक झालेला सोमनाथ सूर्यवंशी हा कायद्याचा विद्यार्थी 15 डिसेंबरास न्यायालयीन कोठडीत असता मरण पावला. शवचिकित्सा करणाऱ्या डॉक्टरांनी देहावर अनेक जखमा असल्याचे लिहिले. 2025 च्या जुलैत मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने गुन्हा नोंदविण्याचा हुकूम केला व सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. दोष कोणाचा हे न्यायालय ठरवील; तो निवाडा आपला नव्हे. परंतु डॉक्टरांनी जे पाहिले ते लिहिले, म्हणून मृताच्या बाजूने बोलणारा पुरावा उरला, हे आपण विसरू नये.

आता आपल्या घराकडे वळू. पाळक, वडील, शिक्षक व वसतिगृहाचे अधीक्षक यांच्या हाती लोकांची लेकरे असतात. बालकांवरील लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या 2012 च्या कायद्याप्रमाणे असा अपराध झाल्याचे, किंवा होण्याचा संभव असल्याचे, ज्यास कळले त्याने पोलिसांस कळविलेच पाहिजे. न कळविल्यास सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड, अथवा दोन्ही होऊ शकतात. आणि संस्थेच्या प्रमुखाने हाताखालच्या माणसाचा अपराध कळविला नाही, तर एक वर्षापर्यंत कैद व दंड आहे. या कायद्यात पाळकास सूट नाही. मंडळीची अब्रू जाईल, पंचांपुढे मिटवून घेऊ, असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. पण ज्या अब्रूची किंमत एखाद्या मुलीने मुकाट्याने भरावयाची, ती अब्रू ख्रिस्ताच्या मंडळीची नव्हे. डॉक्टरास शोभते ते मौन येथे पाळकास शोभत नाही. कारण त्याचे मौन रोग्यास राखते, व हे मौन अपराध्यास. 1098 हा बालकांच्या साहाय्याचा टेलिफोन क्रमांक प्रत्येक मंदिराच्या भिंतीवर लिहिलेला असावा.

कायदा कुंपण घालतो. कुंपणाच्या आत पीक काढणे हे अंतःकरणाचे काम आहे. तथापि ज्याने कुंपणच मोडले, त्याने पिकाची गोष्ट बोलू नये.

विचारार्थ प्रश्न: (1) माझ्या धंद्यात कोणाचे हित माझ्या मुठीत आहे? (2) तेथे मला कोणता मोह पडतो? (3) आमच्या मंडळीत लेकराची तक्रार कोण ऐकून घेतो, व ती पोलिसांपर्यंत कोण नेतो?