कोपराचा फिरता सांधा आणि लहान मुलांचा हात

कोपर टेबलावर टेकवून तळहात आधी वर, मग खाली करून पाहा. कोपर जागेवरच राहते, हात मात्र फिरतो. किल्ली फिरवताना, तव्यावरची भाकरी उलटताना आपण हेच करतो.

कोपरापासून मनगटापर्यंत दोन हाडे असतात. करंगळीच्या बाजूचे अल्ना, अंगठ्याच्या बाजूचे रेडियस. रेडियसचे वरचे टोक चकतीसारखे गोल असते. ते अल्नाच्या खाचेत फिरते. एक चिवट पट्टा त्याला कड्यासारखा वेढून जागेवर ठेवतो.

लहान मुलांत हा पट्टा सैल असतो. वणीच्या बाजारात, एसटीत चढताना किंवा द्राक्षबागेत कामाला निघण्याच्या घाईत आपण मुलाला एका हाताने वर ओढतो. त्या हिसक्याने पट्टा टोकावरून सरकून सांध्यात अडकतो. एक ते चार वर्षांच्या मुलांत हे जास्त घडते.

मूल रडते, हात किंचित वाकवून अंगाशी धरते, त्या हाताने काही घेत नाही. सूज बहुधा नसते, म्हणून आपल्याला तो हट्ट वाटतो. तो हट्ट नव्हे. रोज बुडेल म्हणून दवाखाना उद्यावर ढकलू नये. चोळू नये, स्वतः ओढून बसवू नये. जाणकार डॉक्टर काही क्षणांत तो बसवतात आणि मूल लवकरच खेळू लागते. मूल पडले असेल, सूज असेल किंवा हात वाकडा दिसत असेल, तर हाड मोडल्याची शंका धरून एक्स-रे काढावा लागतो.

एकदा निखळलेला हात पुन्हा निखळू शकतो. म्हणून मुलाला उचलताना नेहमी दोन्ही काखांत हात घालावेत. आजी-आजोबांना आणि मोठ्या भावंडांनाही हे सांगावे.