मुंबईची ३९ मिनिटं

मेसमध्ये पाच मिनिटं उशिरा पोचलो की आपण घड्याळाला दोष देतो. पण 'आठ वाजले' हे मुळात ठरवलं कुणी?

यांत्रिक घड्याळं नव्हती तेव्हा आपल्याकडे घटिकापात्र होतं. तळाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. दिवसरात्र मिळून ६० घटका. 'घटका भरली' असं आपण म्हणतो ते त्यावरूनच. मोजणी सूर्योदयापासून, त्यामुळे प्रत्येक गावाची वेळ त्या गावापुरती. त्यात कुणाचं काही अडत नव्हतं.

अडलं ते रेल्वे आल्यावर. पृथ्वी २४ तासांत ३६० अंश फिरते, म्हणजे दर अंशाला ४ मिनिटं. मुंबई ७२.८ अंश पूर्व रेखांशावर. गुणाकार करा: सुमारे २९१ मिनिटं. म्हणून मुंबईची वेळ ग्रीनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे, तर मद्रासची ५ तास २१ मिनिटं. रेल्वे मद्रासच्या वेळेने धावायची आणि शहर मुंबईच्या. अर्ध्या तासाचा फरक!

१ जानेवारी १९०६ पासून सरकारने ८२.५ अंश रेखांशाची वेळ, म्हणजे ग्रीनिच अधिक साडेपाच तास, ही प्रमाणवेळ केली. मुंबईचं घड्याळ ३९ मिनिटं पुढे सरकवायचं होतं. गिरणी कामगार भडकले. कारण साधं होतं. भोंगा त्याच आकड्याला वाजणार, पण सूर्याच्या हिशेबाने ३९ मिनिटं आधी, अंधारात उठायचं. त्यात १९०५ च्या वंगभंगाचा राग ताजा. महापालिकेनेही जुनीच वेळ धरून ठेवली आणि ती थेट १९५५ पर्यंत टिकली!

प्रमाणवेळेची सोय नाकारता येत नाही. ती नसती तर टाइमटेबल कसं छापणार? पण एकाच्या सोयीसाठी दुसऱ्याची झोप मोडते, हे त्या कामगारांनी बरोबर ओळखलं होतं.

पटत नसेल तर हॉस्टेलच्या गच्चीवर एक काठी सरळ उभी करा. सर्वांत आखूड सावली बाराला पडणार नाही. वर्षभराची सरासरी धरली तर ती वेळ मुंबईत १२.३९, पुण्यात १२.३५ आणि नागपुरात १२.१४ च्या आसपास येते. घड्याळ सगळ्या देशाचं एक, सूर्य मात्र अजून ज्याच्या त्याच्या गावाचाच!