तमारा कार्साविना : एका नर्तकीचें विद्याधन

आपला धंदा मुलांनीं पुढें चालवावा, अशी बहुतेक वडिलांची इच्छा असते. परंतु आपल्या कन्येनें आपल्या मार्गानें जाऊं नये असें वाटणारा एक पिता रशियाच्या तत्कालीन राजधानींत, सेंट पीटर्सबर्ग शहरीं, होऊन गेला. त्याचें नांव प्लाटोन कार्साविन. तो झारच्या राजनाट्यगृहांतील नर्तक व नृत्यशिक्षक होता. नोकरीचीं ठराविक वर्षें भरतांच त्यास पेन्शन घेऊन रंगभूमि सोडावी लागली. पडद्यामागील हेवेदावे त्यानें पुष्कळ पाहिले होते, म्हणून इ. स. १८८५ त जन्मलेल्या आपल्या तमारेनें तेथें पाऊल टाकूं नये, असें त्यास वाटे.

आईचा विचार निराळा होता. तिनें एका निवृत्त नर्तकीकडे मुलीस गुपचूप शिकावयास धाडिलें. ही गोष्ट उघडकीस आली तेव्हां पिता प्रथम रागावला. पण मग त्यानें स्वतःच तिचें शिक्षण हातीं घेतलें. तो व्हायोलिन वाजवी व मुलगी त्या तालावर मेहनत करी. लेक म्हणून त्यानें तिला कोणतीहि सवलत दिली नाहीं; उलट तिचा तोच सर्वांत कडक गुरु ठरला.

इ. स. १८९४ त तमारा सरकारी नृत्यशाळेंत दाखल झाली. ही शाळा ज्या रस्त्यावर आहे, त्यास तेव्हां थिएटर स्ट्रीट म्हणत; त्याची रुंदी २२ मीटर, दोन्ही बाजूंच्या इमारतींची उंची तितकीच, आणि लांबी बरोबर दहापट, म्हणजे २२० मीटर आहे. शिक्षणहि असेंच रेखीव होतें. सामान्य विद्यार्थिनींचा पोषाख तपकिरी असे. प्रावीण्य दाखविणारीस गुलाबी, आणि सर्वश्रेष्ठ ठरणारीस पांढरा मिळे. तेव्हां गुलाबी रंगासाठीं त्या मुली किती झटत असतील, हें आमच्या विद्यार्थिनींस सांगावयास नको!

इ. स. १९०२ त ती शाळेंतून बाहेर पडली व मारिन्स्की नाट्यगृहांत रुजू झाली. नांव झाल्यावरहि तिनें शिकणें सोडलें नाहीं. ती इटलींतील मिलान शहरीं जाऊन पुन्हां विद्यार्थिनी बनली. पुढें दियागिलेव्ह ह्यांच्या मंडळींतून ती पॅरिसला गेली. इ. स. १९१० त स्त्राविन्स्की ह्यांच्या संगीतावर रचलेल्या ‘अग्निपक्षी’ ह्या बॅलेंत प्रमुख भूमिका करून तिनें युरोपभर कीर्ति मिळविली.

इतक्यांत इ. स. १९१७ ची राज्यक्रांति झाली. इ. स. १९१८ त मारिन्स्की रंगभूमीवर तिनें अखेरची भूमिका केली, ती योगायोगानें एका भारतीय देवदासीची होती. त्या बॅलेचें नांव ‘ला बायादेर’. त्यानंतर इंग्रज पति व लहान मुलगा ह्यांसह तिनें मायदेश सोडला. तिचा थोरला भाऊ लेव हा तत्त्वज्ञ होता. इ. स. १९२२ त त्यास नव्या सरकारनें हद्दपार केलें, पुढें तो लिथुआनियांत प्राध्यापक झाला, पण इ. स. १९४९ त पकडला जाऊन इ. स. १९५२ त सोव्हिएट बंदिछावणींत मरण पावला. एकाच घरच्या दोन मुलांचें प्राक्तन किती भिन्न!

देश गेला तरी तमारेची विद्या तिच्यापाशींच राहिली, आणि ती तिनें मुक्तहस्तानें वांटली. इ. स. १९२० त लंडन येथें नृत्यशिक्षणाची जी संस्था निघाली, ती आज रॉयल अकॅडमी ऑफ डान्स म्हणून प्रसिद्ध आहे. तिच्या संस्थापकांत तमारा होती. इ. स. १९५४ त ब्रिटनमध्यें ‘अग्निपक्षी’ पुन्हां रंगभूमीवर आला, तेव्हां ती भूमिका मार्गो फॉन्टेनला तिनेंच शिकविली. पितळेच्या नाण्याप्रमाणें विद्या नुसती पेटींत ठेवून टिकत नाहीं. ती एका देहांतून दुसऱ्या देहांत उतरली तरच जगते, ही गोष्ट नृत्याइतकी दुसरीकडे क्वचितच दिसते.

इ. स. १९७८ त, वयाच्या त्र्याण्णवाव्या वर्षीं, इंग्लंडांत तिचें देहावसान झालें. ज्या पित्यास ही वाट मुलीसाठीं नको होती, त्याचीच शिकवण तिच्या हातून परक्या देशांतील मुलींपर्यंत पोहोंचली.