घड्याळावर गाण्याची बटणं आपोआप उघडतात? ती बंद कशी करायची



आजचा पाठ अगदी लहानशा गोष्टीवर आहे. फोनवर गाणं, भजन, यूट्यूबचा व्हिडिओ असं काहीही सुरू झालं, की मनगटावरच्या स्मार्टवॉचवर वेळ दिसायच्या ऐवजी गाण्याचा पडदा येतो. मध्ये थांबवायचं मोठं बटण, बाजूला पुढचं गाणं, मागचं गाणं आणि कडेला आवाज कमी-जास्त. आपण मागितलेलं नसतं, तरी येतं. "एवढ्याशा गोष्टीवर काय लेख लिहायचा," असं मलाही वाटलं असतं. पण मागच्या डिसेंबरात या पडद्याने मला चांगलंच अडचणीत आणलं, म्हणून लिहितेय.

मी विज्ञान शिकवते. पण आमच्यासारख्या उपनगरातल्या बऱ्याच शाळांत असतं तसं, क्रीडादिन जवळ आला की हातात शिट्टी येतेच. मैदान म्हणजे इमारतीला लागून असलेला मोकळा पट्टा. त्याच्या एका कोपऱ्यात पाचवीची लेझीम चालली होती. तिचं गाणं माझ्याच फोनवरून ब्लूटूथ स्पीकरला जोडलेलं, आणि फोन माझ्या सहकारी बाईंकडे, दहा-पंधरा पावलांवर. दुसऱ्या बाजूला मी नववीच्या मुलींची रिलेसाठी निवड घेत होते. प्रत्येकीने एकेकटीने मैदानाला दोन फेऱ्या मारायच्या आणि मी मनगटावरच्या स्टॉपवॉचवर वेळ घ्यायची.

एक मुलगी त्या दिवशी अशी काही धावली की बाकीच्या कडेला उभ्या राहून ओरडायला लागल्या. ती शेवटच्या वळणावर असताना लेझीमवाल्या बाईंनी गाणं थांबवून पुन्हा पहिल्यापासून लावलं. मुलीने रेघ ओलांडली, मी मनगट वर केलं आणि सवयीने मधलं मोठं बटण दाबलं. गाणं थांबलं. पाचवीची मुलं लेझीम वर धरून तशीच उभी! घड्याळावर स्टॉपवॉच नव्हतंच, गाण्याचा पडदा होता. मी बाजूचं बटण दाबून, पडदे सरकवून स्टॉपवॉचपर्यंत पोचले तोवर आकडा कुठल्या कुठे गेला होता. मुलगी गुडघ्यांवर हात ठेवून विचारत होती, "बाई, किती आले?"

काय सांगणार? अर्ध्या तासाने तिला परत धावायला लावलं. दमलेली होती, पाचवी आली. रिलेत जागा चौघींना.

इथे एक गोष्ट लक्षात घ्या. स्टॉपवॉच बंद पडलं नव्हतं. आत ते चालूच होतं, फक्त त्याच्यावर दुसरा पडदा येऊन बसला होता. घड्याळ बिघडलेलं नव्हतं आणि सुरुवातीला वाटलं तसं माझं बोट चुकून कुठे लागलेलंही नव्हतं. घड्याळ त्याला शिकवलं होतं तेच करत होतं.

हे होतं कसं?

मुलांना समजावताना मी असं सांगते. फोनमध्ये जे काही वाजतं, त्याची एक नोंद फोन स्वतःकडे ठेवतो. कोणतं अ‍ॅप वाजवतंय, गाण्याचं नाव काय, आता चालू आहे की थांबलेलं. अँड्रॉइडमध्ये या नोंदीला मीडिया सेशन म्हणतात. २०१४ मध्ये आलेल्या अँड्रॉइड ५ पासून ही सोय आहे. फोनच्या लॉक स्क्रीनवर गाण्याची पट्टी दिसते तीही याच नोंदीवरून. हेडफोनचं बटण दाबलं की गाणं थांबतं, त्यासाठी ब्लूटूथमध्ये एव्हीआरसीपी नावाची वेगळी पद्धत आहे. ती म्हणजे दुरून हुकूम देण्याची ठरलेली भाषा.

घड्याळ फोनला जोडलेलं असतं, त्यामुळे 'आता वाजायला लागलं' ही खबर त्यालाही मिळते. मग घड्याळ बनवणाऱ्याने विचार केला, की गाणं लागलंय म्हणजे माणसाला गाण्याची बटणंच हवी असणार. हा अंदाज व्यायामशाळेत कानात इअरफोन घालून पळणाऱ्या माणसासाठी बरोबर आहे. पण फोनवर वाजणारी प्रत्येक गोष्ट गाणं नसते ना! व्हॉट्सअ‍ॅपवर आलेला व्हिडिओ, मुलाच्या अभ्यासाचा तास, बातम्या, सगळ्याला घड्याळ गाणंच समजतं. शिवाय फोन घरात दुसऱ्याच्या हातात असेल, तरी खबर आपल्या मनगटावर येते. माझं तेच झालं.

लोकलने जाणाऱ्यांना तर हे रोजचं आहे. आपल्याकडे गाडी सव्वाआठची नसते, ८:१२ ची नाहीतर ८:१७ ची असते. घाटकोपरला मेट्रोतून उतरून पुलावरून खाली पळताना मनगटाकडे बघायचं ते त्या दोन-चार मिनिटांसाठी. तेव्हा वेळेच्या जागी गाण्याचं नाव दिसलं तर उपयोग काय? पावसाळ्यात आणखी एक गंमत. या काचा स्पर्शावर चालतात आणि पाण्याचा थेंबही कधीकधी त्यांना बोटासारखा लागतो. गाण्याचा पडदा उघडा असला, की आवाज आपोआप वर जातो किंवा गाणं पुढे सरकतं.

आता बंद कसं करायचं

तुमचं घड्याळ कोणतं आहे त्यावर रस्ता ठरतो. मला जे पक्कं माहीत आहे तेच सांगते.

सॅमसंगचं गॅलेक्सी वॉच ४ किंवा त्याच्या पुढचं असेल, तर काम सगळ्यात सोपं. घड्याळातच सेटिंग्ज उघडा, डिस्प्लेमध्ये जा, खाली सरकत जा. 'शो मीडिया कंट्रोल्स' असा पर्याय दिसेल. तो बंद करा. झालं.

अ‍ॅपलच्या घड्याळात पर्याय आहे, पण त्याची जागा बदलत आली आहे. त्यामुळे मैत्रिणीने सांगितलेली वाट आपल्या घड्याळात सापडत नाही आणि आपण गोंधळतो. अगदी जुन्या घड्याळात सेटिंग्ज, मग जनरल, मग वेक स्क्रीन, तिथे 'ऑटो-लाँच ऑडिओ अ‍ॅप्स'. त्यानंतरच्या आवृत्त्यांत जनरलमध्येच 'ऑटो-लाँच' असं वेगळं नाव दिसतं. २०२४ मध्ये आलेल्या वॉचओएस ११ पासून हे सगळं सेटिंग्जमधल्या 'स्मार्ट स्टॅक'मध्ये गेलं. तिथे 'लाइव्ह अ‍ॅक्टिव्हिटीज' उघडा, 'मीडिया अ‍ॅप्स' शोधा आणि ते बंद करा. छोट्या पडद्यावर बोटं चुकत असतील तर आयफोनवरच्या वॉच अ‍ॅपमधूनही हे करता येतं. चाळिशीचा चष्मा असलेल्यांनी तेच करावं, मी तेच करते.

त्याच घड्याळात जनरलमध्ये 'रिटर्न टू क्लॉक' म्हणून आणखी एक सोय आहे. हात खाली गेल्यावर किती वेळाने घड्याळाचा चेहरा परत यावा, ते तिथे ठरवता येतं: लगेच, दोन मिनिटांनी किंवा एका तासाने. हे प्रत्येक अ‍ॅपसाठी वेगळंही ठरवता येतं. मैदानावर वेळ घेणाऱ्या शिक्षकांनी स्टॉपवॉचसाठी एक तास ठेवावा. नाहीतर गाण्याचा पडदा जाईल, पण त्याच्या जागी घड्याळाचा चेहरा येऊन बसेल आणि तुम्ही पुन्हा शोधत राहाल.

वेअर ओएसवर चालणाऱ्या बाकीच्या घड्याळांत प्रत्येक कंपनीने नाव आणि जागा आपापली ठेवलेली आहे. सेटिंग्जमध्ये 'मीडिया' हा शब्द कुठे दिसतो ते बघत जा.

आता दीड-दोन हजारांची, कॉलिंगवाली घड्याळं. वर्गात मुलांच्या आणि स्टाफरूममध्ये आपल्या हातात बहुतेक हीच असतात. यांतल्या बऱ्याच घड्याळांत गाण्याचा पडदा आपोआप उघडतच नाही, सरकवून जावं लागतं. तिथे त्रास वेगळाच असतो: गाणं फोनवर लावलं आणि वाजलं घड्याळातून! कारण असं घड्याळ फोनला दोन वाटांनी जोडलेलं असतं. एक वाट पावलं, नाडी, सूचना यांची आणि दुसरी आवाजाची. आवाजाच्या वाटेने फोन त्याला स्पीकर समजतो. अँड्रॉइड फोनच्या ब्लूटूथ सेटिंग्जमध्ये जा, घड्याळाच्या नावासमोरच्या चाकाच्या चिन्हावर दाबा. तिथे 'फोन कॉल' आणि 'मीडिया ऑडिओ' असे वेगवेगळे पर्याय दिसतील. मीडिया ऑडिओ बंद करा, फोन कॉल चालू राहू द्या. घड्याळावर बोलता येईल, पण गाणं फोनवरच राहील.

एक सावधानता. कोणीतरी सांगेल, की घड्याळाच्या अ‍ॅपची 'नोटिफिकेशन अ‍ॅक्सेस' काढून टाका म्हणजे गाण्याची भानगडच मिटेल. खरं आहे, अँड्रॉइडवर अ‍ॅपला दुसऱ्या अ‍ॅपमधलं गाणं कळतं ते बहुतेक याच परवानगीने. पण तीच काढली तर मेसेज आणि सूचनाही बंद होतील. ज्यांना त्या हव्या आहेत त्यांनी या वाटेला जाऊ नये.

बदल केल्यावर तपासून बघा. घड्याळाचा नेहमीचा चेहरा समोर आणा, फोनवर कोणतंही गाणं लावा, हात खाली सोडा, अर्धा मिनिट थांबा आणि मनगट वर करा. वेळ दिसली की काम झालं. गाण्याची बटणं कायमची गेली असं समजू नका. हवी असतील तेव्हा त्यांचं अ‍ॅप उघडता येतं, फक्त आता तुम्ही बोलावल्यावर येतील. घड्याळाचं मोठं अपडेट आलं, की एकदा पुन्हा बघून घ्या.

घरातलं एक उदाहरण

माझे सासरे बोरिवलीला राहतात. सकाळी नॅशनल पार्कात फिरायला जातात, शर्टाच्या खिशात फोन आणि फोनवर अभंग. डॉक्टरांनी चालताना नाडीवर लक्ष ठेवायला सांगितलंय, म्हणून दिवाळीत मुलाने घड्याळ घेऊन दिलं. महिन्याभरात त्यांनी ते कपाटात ठेवून दिलं. विचारलं तर म्हणाले, "अगं, मी ठोके बघायला जातो आणि अभंग बंद पडतो. माझी एचएमटी बरी होती, तिला एकच काम माहीत होतं."

वर्षानुवर्षं चावी देऊन वापरलेलं घड्याळ होतं ते, त्यांचा राग मला समजला. मी म्हटलं, "बाबा, द्या इकडे." ते एक सेटिंग बंद केलं आणि नाडीचा पडदा पहिल्याच सरकवण्यावर आणून ठेवला. आता घड्याळ हातात असतं. घरातल्या वयस्कर माणसाने अशी वस्तू बाजूला ठेवली, तर 'त्यांना जमत नाही' असं लगेच म्हणू नका. आधी हा पडदा बघा.

वर्गात हे कसं घ्यायचं

मी आठवीला एक तास यावर घेतला. घड्याळ कोणाकडे आहे, कोणाकडे नाही, यात शिरायचं नव्हतं, म्हणून विषय फोनचाच ठेवला. मुलांना विचारलं, तुमच्या घरच्या फोनवर कोणी न सांगता काय काय होतं? फळा भरला. एक व्हिडिओ संपला की दुसरा आपोआप सुरू होतो. आलेले फोटो आपोआप उतरतात आणि जागा भरते. टाइप करताना शब्द बदलतो. अंधारात पडदा मंद होतो. मग प्रत्येकासमोर लिहायला सांगितलं: हे कोणाच्या सोयीसाठी ठेवलं असेल? आपल्याला हवं आहे का? नको असेल तर कुठे बंद होईल? तिसऱ्या प्रश्नाचा गृहपाठ दिला, मोठ्यांना सोबत घेऊन शोधायचा. दुसऱ्या दिवशी एका मुलाने सांगितलं, "बाई, आईचा डेटा दुपारीच संपायचा, तो फोटोंमुळे." त्याच्या आईने त्या रात्री ते बंद केलं होतं.

पडदा मंद होणं मात्र कोणालाच बंद करायचं नव्हतं.

आणि ती रिलेची मुलगी. रविवारी मला चैन पडेना. सोमवारी प्रयोगशाळेच्या कपाटातून लंबकाच्या प्रयोगासाठी ठेवलेलं प्लॅस्टिकचं स्टॉपवॉच काढलं आणि पाचही जणींची पुन्हा धाव घेतली. खऱ्या स्पर्धेत हाताने वेळ घेतात तेव्हा एकाच्या भरवशावर राहत नाहीत. तिघे वेळ घेतात, तिघांचे आकडे वेगळे आले तर मधला धरतात. आमच्याकडे तीन स्टॉपवॉच कुठली! पण दोन मुलींना त्यांच्या साध्या घड्याळांवर माझ्यासोबत वेळ घ्यायला उभं केलं, म्हणजे माझा आकडा फार चुकला तर कळेल. या वेळी ती चौथी आली, संघात आली. जिची जागा गेली तिच्या आईला सगळं खरं-खरं सांगायला मला शाळेच्या फाटकाबाहेर वीस मिनिटं लागली. त्यांनी ऐकून घेतलं, पण पटलं असं मला वाटत नाही.

तुमच्या घड्याळात हा पर्याय वर सांगितलेल्या जागी नसेल आणि दुसरीकडे सापडला, तर मॉडेलचं नाव आणि पूर्ण रस्ता मला कळवा. स्वतः करून बघितलेलाच कळवा, ऐकीव नको.