भागीदाराचे दुसरे दुकान

गावोगाव भागीत पुष्कळ धंदे चालतात. कुठे दोघांची पिठाची गिरणी असते. कुठे तिघांचे भुसार दुकान असते. एकट्याचे भांडवल पुरत नाही, म्हणून माणसे एकत्र येतात. पण कधी कधी त्यांच्यात फाटते. का फाटते, ते आज आपण पाहू.

समजा, अण्णा आणि तात्या यांनी भागीत पेंड-सरकीचे दुकान काढले. अण्णा गल्ला सांभाळी. तात्या गावोगाव फिरून गिऱ्हाईक जोडी. दोन वर्षे बरी गेली. तिसऱ्या वर्षी विक्री उतरली. अण्णाला कारण कळेना. मग एका गिऱ्हाइकाने सांगितले, "अहो अण्णा, पेंड आम्ही तात्यांकडूनच घेतो. शेजारच्या गावात त्यांनी दुकान टाकलंय ना!"

अण्णाने तात्याला विचारले. तात्या म्हणाला, "त्यात काय बिघडलं? पैसा माझा, मेहनत माझी. इथला तुझा वाटा मी बुडवला का?"

वरवर हे खरे वाटते. पण विचार करा. तात्याने गिऱ्हाईक जोडले ते भागीच्या दुकानासाठी. माल कुठे स्वस्त मिळतो, उधारी कोण वेळेवर फेडतो, हे त्याला भागीतच कळले. अण्णा तर विश्वासावर बसला होता. इथे भागीदार, तिथे त्याच दुकानाचा प्रतिस्पर्धी! याला म्हणतात दोन डगरींवर हात.

याविषयी आपल्या देशात १९३२ सालचा भागीदारी कायदा आहे. भागीदारांनी एकमेकांशी इमानाने वागावे आणि खरा हिशेब द्यावा, असे तो सांगतो. त्याचे १६ वे कलम म्हणते : भागीदाराने भागीच्या धंद्यासारखाच, त्याच्याशी चढाओढ करणारा धंदा केला, तर त्यातला सगळा नफा त्याने भागीत भरावा.

समजा, तात्याला नव्या दुकानात १२,००० रुपये नफा झाला. ते सगळे भागीत जमा होतील. वाटे ठरवलेले नसतील, तर कायद्याने ते सारखे असतात. म्हणजे अण्णाचे ६,००० आणि तात्याचे ६,०००.

मग तात्याने दुसरे काहीच करू नये का? तसे नाही. त्याने सायकल दुरुस्तीचे दुकान काढले, तर पेंडीच्या धंद्याशी चढाओढ होत नाही. मात्र 'भागीत असेतो दुसरा कोणताही धंदा करणार नाही' असे करारात ठरले असेल, तर तेही करता येत नाही. उलट, 'पेंडीचे वेगळे दुकान काढायला हरकत नाही' असे दोघांनी ठरवले असेल, तर तात्याचा दोष नाही.

आणि तात्या भागीतून बाहेर पडला तर? मग त्याला तोच धंदा करता येतो. पण दुकानाचे नाव वापरता येत नाही. आपण त्याच दुकानाचे आहोत, असे भासवता येत नाही. जुन्या गिऱ्हाइकांकडे जाऊन माल मागवा म्हणता येत नाही. करारात वेगळे ठरले असेल, तर तसे चालते.

चूक अण्णाचीही झाली. करार तोंडीच ठेवला. वही कधी उघडून पाहिली नाही. वही पाहण्याचा हक्क प्रत्येक भागीदाराला आहे. भागीची सरकारात नोंदही केली नाही. नोंद नसेल, तर करारातला हक्क मागण्यासाठी भागीदारावर सहसा दावा लावता येत नाही. मग अण्णाने नफा मागावा कसा?

म्हणून आम्ही सांगतो, मैत्री आहे तोवरच कागद करा. भांडण झाल्यावर कोणी सही करीत नाही. आणि दुसरे दुकान काढायचे मनात आले, तर आधी भागीदाराला सांगा. लपवावेसे वाटले, तर तिथेच थांबा.

प्रश्न
१. तात्याचे नवे दुकान भागीच्या आड का आले?
२. नव्या दुकानाचा नफा कोणाचा?
३. अण्णाने सुरुवातीलाच काय करायला हवे होते?