दंतधावनानंतरची चूळ : केव्हा भरावी, केव्हा टाळावी

(आरोग्यशिक्षण : इयत्ता ३ री ते ५ वीसाठी अभ्यासलेख व पाठाची रूपरेषा)

माउथवॉशच्या रंगीत बाटल्या आता खेड्यांतील किराणा दुकानांतही दिसू लागल्या आहेत. पालक शिक्षकास विचारतात, ‘गुरुजी, ही बाटली मुलांसाठी घ्यावी काय? घेतली तर दात घासण्याआधी वापरावी की नंतर?’ प्रश्न साधा आहे. परंतु त्याचे उत्तर आपल्यापैकी बहुतेकांच्या नित्याच्या सवयीविरुद्ध जाते. म्हणून त्याचा नीट विचार करणे अवश्य आहे.

विषयाचे महत्त्व

मूल पहिलीत येते त्या सुमारास, म्हणजे सहाव्या वर्षी, दुधाच्या दातांच्या मागे एक नवी दाढ उगवते. तिच्यासाठी कोणताही दुधाचा दात पडत नाही. त्यामुळे तिचे आगमन घरात कोणाच्या ध्यानात येत नाही. ती किडली तर ‘दुधाचीच आहे, पडेल आणि नवी येईल’ असे वडीलधारी माणसे म्हणतात. वास्तविक ती कायमची असते. ती गेली की तिच्या जागी दुसरी येत नाही. ही दाढ उगवते तेव्हा मूल आपल्या वर्गात बसलेले असते. म्हणून तिच्या रक्षणाचा काही भार शिक्षकावरही येतो.

दात किडतो कसा व वाचतो कसा

तोंडातील जंतू साखरेचे व पिष्टमय अन्नाचे कण खाऊन आम्ल निर्माण करतात. हे आम्ल दाताच्या वरच्या कठीण कवचातील क्षार विरघळविते. लाळ त्या आम्लाचा जोर कमी करते व गेलेले क्षार हळूहळू परत बसविते. अशी झीज व भर दिवसभर चालू असते. वारंवार गोड खाल्ले की झीज वाढते. झोपेत लाळ कमी सुटते, म्हणून रात्री दातांचे संरक्षण सर्वांत दुबळे असते.

फ्लोराइड हे द्रव्य ह्या भरीच्या कामास साहाय्य करते व कवचाला आम्लापुढे टिकण्याचे बळ देते. फ्लोराइडयुक्त टूथपेस्टमध्ये त्याचे प्रमाण सामान्यतः दशलक्ष भागांत सुमारे १००० असते व ते वेष्टनावर छापलेले असते. मात्र हे द्रव्य दातांजवळ काही काळ राहिले तरच काम करते.

नेमकी चूक कोठे होते

दात घासून झाल्यावर खळखळून चुळा भरणे ही आपली जुनी रीत आहे. राखुंडी, कोळसा किंवा दंतमंजन वापरीत असता ती योग्यच होती, कारण तोंडातील भुकटी काढून टाकावयाची असे. फ्लोराइडयुक्त पेस्टच्या बाबतीत मात्र तीच रीत लाभाला मारक ठरते. भाताच्या खाचरात खत टाकावे आणि लगेच मोठी सर येऊन ते बांधाबाहेर वाहून जावे, तसा हा प्रकार होय. मेंदी लावून लगेच हात धुतला तर रंग चढत नाही, हे तर वर्गातील प्रत्येक मुलीला ठाऊक असते.

‘मग पाण्याऐवजी फ्लोराइडचा माउथवॉश वापरला तर?’ असे कोणी विचारील. रोज वापरावयाच्या अशा द्रावात फ्लोराइड दशलक्ष भागांत सुमारे २२५ असते. म्हणजे पेस्टच्या जवळजवळ एकचतुर्थांश. घासल्यावर लगेच तो वापरणे म्हणजे घट्ट द्रव्य धुऊन त्या जागी पातळ द्रव्य ठेवणे होय. म्हणून नियम असा :

१. दात घासल्यावर फेस चांगला थुंकून टाकावा. पाण्याने अथवा माउथवॉशने लगेच चूळ भरू नये.
२. माउथवॉश वापरावयाचाच असेल तर तो वेगळ्या वेळी, उदाहरणार्थ दुपारच्या जेवणानंतर वापरावा.
३. त्यानंतर अर्धा तास काही खाऊ-पिऊ नये.
४. सहा वर्षांखालील मुलांस माउथवॉश देऊ नये. ती तो गिळून टाकतात.

पालकांच्या शंका

‘न धुतलेले तोंड घेऊन फिरावयाचे काय?’ ही पहिली शंका. तिची थट्टा करू नये. तिच्या मुळाशी स्वच्छतेची भावना आहे. तीनचार वेळा नीट थुंकून ओल्या हाताने ओठ पुसले की तोंड स्वच्छ वाटते. सकाळी हे जमले नाही तरी निदान रात्री तरी पाळावे. रात्रीचे घासणे झाल्यावर पुन्हा काही खाऊ नये.

‘पेस्ट पोटात जाईल,’ ही दुसरी शंका. ती पेस्टच्या मापाने दूर होते. तीन वर्षांपर्यंत तांदळाच्या दाण्याएवढी व त्यापुढे सहा वर्षांपर्यंत वाटाण्याएवढी पेस्ट पुरे. जाहिरातीत दिसते तशी ब्रशभर लांब पट्टी मुलास देऊ नये.

चूळ सोडावयाची नसून तिची वेळ बदलावयाची आहे, हे पालकांस आवर्जून सांगावे. जेवणानंतर साध्या पाण्याने चूळ भरण्याची आपली पद्धत उत्तम आहे व ती तशीच चालू ठेवावी. आयुर्वेदानेही मुखधावनाचा विचार केला आहे. तोंड हलविता येणार नाही इतका द्रव धरणे तो गंडूष व हलविता येईल इतका घेणे तो कवल, असा भेद तेथे सांगितला आहे.

माउथवॉशची खरी जागा

२०१६ साली कॉक्रेन ह्या संस्थेने जुन्या प्रयोगांचा एकत्र आढावा प्रसिद्ध केला. शाळकरी मुलांनी देखरेखीखाली फ्लोराइडच्या गुळण्या नियमाने केल्यास कायमच्या दातांची कीड सरासरीने सुमारे २७ टक्के कमी होते, असे त्यात आढळले. म्हणजे हा द्राव निरुपयोगी नाही. परंतु जेथे रोज दोनदा पेस्टने दात घासले जातात, तेथे त्यामुळे मिळणारा जादा लाभ थोडा असतो. मजुरीवर किंवा यंत्रमागावर राबणाऱ्या कुटुंबाने आधी प्रत्येकास स्वतंत्र ब्रश व फ्लोराइडयुक्त पेस्ट आणावी, बाटली नंतर. शिक्षकाने मुलांस माउथवॉश आणण्याचा आग्रह धरू नये.

हिरड्यांच्या विकारावर दिला जाणारा क्लोरहेक्सिडीनचा द्राव निराळा. तो दंतवैद्याच्या सल्ल्याने, सांगितले तितकेच दिवस घ्यावा. अधिक काळ घेतल्यास दातांवर तपकिरी डाग पडतात. पेस्टमधील फेसाच्या द्रव्याने त्याचा गुण कमी होतो. म्हणून तो व दात घासणे ह्यांत अर्ध्या तासाचे अंतर असावे.

आपल्या परिसरातील दोन गोष्टी

शहाड येथे उल्हास नदीतून उचललेले पाणी टेमघर येथे शुद्ध केले जाते. नद्यांच्या पाण्यात फ्लोराइड सामान्यतः अल्प असते. म्हणून अशा पाण्यावर वाढणाऱ्या मुलांना पेस्टमधील फ्लोराइडचे मोल अधिक. यवतमाळ, चंद्रपूर, नांदेड ह्या जिल्ह्यांतील काही गावांच्या भूजलात मात्र ते इतके जास्त आहे की मुलांच्या दातांवर डाग पडतात. तेथे बदलून जाणाऱ्या शिक्षकांनी हा पाठ देण्यापूर्वी आरोग्यखात्याचा सल्ला घ्यावा.

दुसरी गोष्ट मिश्रीची. तंबाखू तव्यावर भाजून केलेली ही काळी पूड दात घासण्याच्या निमित्ताने घरात वावरते आणि आईचे पाहून मूलही बोट बुडविते. टूथपेस्ट व दंतमंजनात तंबाखू घालण्यास १९९२ साली बंदी झाली. पण घरच्या तव्यावर कायदा पोहोचत नाही. तेथे शिक्षकाचा शब्दच पोहोचू शकतो. मिश्री लावणाऱ्या मातेस मुलासमोर न दुखविता ही गोष्ट पालकसभेत सांगावी.

पाठाची रूपरेषा

साहित्य : जुना ब्रश, पेस्ट, वाटाणा, अंड्याचे कवच, व्हिनेगर, पेला.

पूर्वज्ञान : मेंदी धुण्याचा अनुभव विचारून घ्यावा.

विवेचन : कवच व्हिनेगरमध्ये ठेवावे. बुडबुडे दिसताच आम्ल क्षार कसे विरघळविते ते सांगावे. दुसऱ्या दिवशी तेच कवच दाखवून काय उरले ते मुलांकडून वदवून घ्यावे.

फलकलेखन : ‘घासा, थुंका, लगेच चूळ नको. जेवल्यावर चूळ भरा.’

उपयोजन : शालेय पोषण आहारानंतर सर्व मुलांनी साध्या पाण्याने चूळ भरावी. पहिलीच्या मुलांस जिभेने मागची नवी दाढ शोधावयास सांगावे.

प्रश्न : १. दशलक्ष भागांत १००० व २२५ ह्या प्रमाणांची तुलना करा. २. रात्री दात घासल्यावर दूध प्यावे काय? कारण सांगा.

गृहपाठ : सहा वर्षांच्या दाढेची माहिती घरी सांगणे व घरच्यांनी काय विचारले ते वहीत लिहून आणणे.

शिक्षकांनी ह्या वह्या अवश्य पाहाव्यात. पुढील पालकसभेत काय बोलावयाचे, ते त्यांतूनच कळेल.

— शिक्षण विस्तार अधिकारी